पाटावरची शेवई एकटीची कधीच नव्हती

प्रश्न : आम्ही कोल्हापुरात शुक्रवार पेठेत, नदीच्या बाजूला राहतो. माझ्या सासूबाई, म्हणजे आमच्या आत्ती, ७६ वर्षांच्या आहेत. मी लग्न होऊन या घरात आले तेव्हापासून दर चैत्रात आमच्या माडीवर पाटावरच्या शेवया होत असत. गल्लीतल्या चार-पाच जणी जमायच्या. आत्ती पाटाच्या वरच्या टोकाला बसून कणकेचा गोळा तळव्याने घासत खाली ओढायच्या आणि केसासारखी बारीक तार खाली उतरायची. हे काम त्यांना त्यांच्या सासूने शिकवले होते. २०१९ च्या महापुरात पाट पाण्यात राहिला आणि वाकला. पुढे आत्तींचे खांदे आणि बोटांचे सांधे धरले, आणि शेवया बंद झाल्या. गेल्या वर्षी मी नव्या फळीवर तीनदा प्रयत्न केला, पण तार वीतभर येते आणि तुटते. प्रमाण विचारले की आत्ती म्हणतात, "हाताला कळतंय ते, सांगून येत न्हाई," आणि चिडतात. जाऊबाई म्हणतात, लक्ष्मीपुरीतून किलोभर विकत आणा, एवढा सोस कशाला. मुलगा कॉलेजला आहे. तो हाताने ओढलेल्या चिनी नूडल्सचे व्हिडिओ दाखवतो आणि म्हणतो की आपणही हे विकू, भौगोलिक मानांकन घेऊ. मी पतसंस्थेत नोकरी करते, मला रविवारच मोकळा मिळतो. आत्ती आहेत तोवर शिकले नाही, तर घराण्याची कला माझ्या हातून गेली अशी बोच आयुष्यभर राहील. मी एकटीने हे कसे टिकवावे?
— एक सून, कोल्हापूर

उत्तर : सप्रेम नमस्कार. तुमच्या पत्रातील शेवटच्या वाक्यातला 'एकटीने' हा शब्द मला सर्वांत आधी खटकला, कारण त्याच पत्रात वर तुम्ही 'चार-पाच जणी जमायच्या' असे सहज लिहून गेला आहात. आत्ती पाटावर बसत तेव्हा खाली तार झेलणारी एक असे, काठ्यांवर ती पसरणारी दुसरी असे, कणीक तिंबून तिंबून तिला चिवटपणा आणणाऱ्या दोघी असत आणि तिंबलेला गोळा वाळू नये म्हणून त्यावर ओले फडके बदलत राहणारी एखादी म्हातारी कोपऱ्यात बसलेली असे. आज तुमच्या घरी, उद्या शेजारणीच्या घरी, परवा तिच्या जावेकडे, असे ते काम पैऱ्याने फिरत होते. आत्तींचा हात हा त्या साऱ्या हातांच्या जोरावर चालणारा हात होता. तुम्ही गेल्या वर्षी एकटीने कणीक मळली, एकटीने ओढली आणि एकटीनेच झेलली, आणि तार तुटल्यावर दोष स्वतःच्या हाताला दिला. माझ्या मते तुमच्याकडून कला हरवत नाही; पैरा मोडला आहे, आणि तो पुन्हा जुळवल्याशिवाय आत्तींनी अगदी मापे लिहून दिली तरी शेवई होणार नाही.

आता तार का तुटते ते पाहू, कारण त्यात तुमचा दोष तुम्हाला वाटतो त्यापेक्षा बराच कमी आहे. गव्हाच्या पिठात पाणी मिसळले की त्यातील प्रथिनांची एक लवचीक जाळी तयार होते, तिलाच ग्लुटेन म्हणतात. मळल्याने आणि तिंबल्याने ही जाळी घट्ट होते, मिठाने तिला आणखी बळ येते, पण नुकत्याच मळलेल्या कणकेतील जाळी ताठ असते, ती ओढली की मागे खेचते आणि जोर केला की फाटते. कणीक झाकून ठेवली की ती सैलावते आणि मग ओढीला वळते. म्हणजे मळणे आणि विसावा या दोन्ही गोष्टी लागतात, आणि नोकरी करणारी माणसे रविवारच्या सकाळी यातला विसावाच नेमका कापतात. दुसरे कारण वारा. पंख्याखाली किंवा उघड्या खिडकीशी कणकेवर बघता बघता कोरडी साय धरते, आणि तार तुटते ती बहुधा या सायीच्या भेगेपासून. तेलाचा हात लावायचा तो एवढ्याचसाठी.

तिसरे कारण गहू, आणि येथे मला आत्तींशी थोडा वाद घालावासा वाटतो. दक्षिण महाराष्ट्रात आणि पलीकडे उत्तर कर्नाटकात खपली गव्हाचा मान मोठा आहे, आणि तो मान त्याने चवीने मिळवलेला आहे, यात शंका नाही. परंतु खपलीचे ग्लुटेन ताण सहन करण्याच्या बाबतीत साधारणपणे दुबळे असते. मुरलेला हात त्या दुबळेपणाला सांभाळून घेतो, शिकाऊ हाताला ते जमत नाही. म्हणून पहिले दोन महिने साध्या मैद्यावर हात बसवा, मग बन्सीच्या सपिटावर या आणि सर्वांत शेवटी खपलीकडे वळा. आत्ती नाक मुरडतील. त्यांना सांगा की तालमीत पहिल्याच दिवशी कोणी वस्तादाशी कुस्ती लावत नाही.

सुरुवात अर्ध्या किलोवर करा. ५०० ग्रॅम पिठाला सुमारे १० ग्रॅम मीठ, आणि पाणी २५० मिलिलिटर मोजून घेऊन त्यातील थोडे मागे ठेवा, कारण पीठ कोणते, कसे दळले आणि हवा कशी आहे यावर पाणी कमी-जास्त लागते. शनिवारी रात्री मळा, तेलाचा हात लावून ओल्या फडक्यात गुंडाळा, झाकून ठेवा आणि रविवारी सकाळी पुन्हा तिंबून मगच पाटावर घ्या. एका दमात तार बारीक करण्याचा हट्ट धरू नका. आधी करंगळीएवढी वळी, तिला पंधरा-वीस मिनिटे झाकून विसावा, मग पेन्सिलीएवढी, पुन्हा विसावा, मग सुतळीएवढी, असे टप्पे घ्या. जपानमध्ये नारा प्रांतातील मिवा येथे सोमेन नावाच्या बारीक शेवया करतात, त्या दोन काठ्यांमध्ये ताणून वाळवतात. त्यांची कणीकही मीठ आणि तेल यांवरच चालते आणि प्रत्येक ओढीनंतर तिला विसावा देतात. आत्ती हे टप्पे घेत नसतील, त्यांना गरजही नसेल, पण तुम्हाला त्यांची पायरी एकदम चढायची नाही.

मुलगा दाखवतो ते व्हिडिओ मीही पाहिले आहेत आणि ते पाहताना हरखूनही गेले आहे. लांजो शहरातील तो कारागीर कणकेची वळी दुमडतो आणि ओढतो, पुन्हा दुमडतो आणि ओढतो. दर खेपेला तारा दुप्पट होत जातात, म्हणजे आठ वेळा दुमडले की २५६. मात्र तेथील कणकेत वनस्पतीच्या राखेपासून केलेला अल्कधर्मी क्षार घालतात, तिला 'फंगहुई' म्हणतात, आणि त्या नूडल्स ओढल्या की लगेच उकळत्या पाण्यात जातात. आपली शेवई वर्षभर डब्यात राहायची असते आणि शेवटी दुधा-गुळात पडायची असते. तेव्हा मुलाने व्हिडिओ पाहून कणकेत पापडखार घालण्याची टूम काढली, तर त्याला वेळीच अडवा. क्षाराने पीठ पिवळट होते आणि त्याचा उग्र वास मांसाच्या रश्श्यात लपतो, तो दुधात लपणार नाही. चीनचे काम चीनच्या जेवणाला शोभते. मुलाने त्यातून एकच गोष्ट घ्यावी, ती म्हणजे त्या कारागिराचे खांदे किती सैल असतात ते नीट पाहावे.

तुमच्या घराशी मला जास्त जवळचे वाटते ते इटलीच्या सार्डिनिया बेटावरील नुओरो गावाचे उदाहरण. तेथे 'सु फिलिंदेऊ' नावाची शेवई करतात. नावाचा अर्थ 'देवाचे धागे'. बन्सीच्या जातकुळीतल्या कठीण गव्हाचा रवा, पाणी आणि मीठ, एवढेच साहित्य. तीही आठ वेळा दुमडून २५६ तारांची करतात, गोल चकतीवर तीन थरांत आडवी-तिडवी पसरून वाळवतात, आणि जवळच्या लुला गावच्या जत्रेत आलेल्या यात्रेकरूंना मेंढीच्या मांसाच्या रश्श्यात वाढतात. ही विद्या पिढ्यान्‌पिढ्या मोजक्या घरांतील बायकांनी आईकडून लेकीला अशी दिली, आणि तिचा अभिमान इतका जपला की ती येणाऱ्या बायका बोटांवर मोजण्याइतक्या उरल्या. शेवटी स्लो फूड या संस्थेने नामशेष होऊ घातलेल्या पदार्थांच्या यादीत तिची नोंद केली. घरातच राहू दे म्हणून जपलेली गोष्ट घर लहान झाले की अशी आकसत जाते. तुमच्या पत्रात 'घराण्याची कला' हे शब्द आले आहेत म्हणून मुद्दाम सांगते, की पैऱ्याने फिरणाऱ्या कामाला घराणे नसते, गल्ली असते. आत्तींना ते सासूने शिकवले हे खरे, पण त्यांच्या हाताखाली तार झेलणाऱ्या बायकांनीही त्यातले बरेच उचलले असणार. त्यांतल्या कोण हयात आहेत, कोण उपनगरात राहायला गेल्या, कोणाच्या लेकी जवळपास आहेत, याची चौकशी आधी करा. तुम्हाला हवे असलेले निम्मे उत्तर आत्तींच्या घराबाहेर असण्याची शक्यता मला पुष्कळ वाटते.

आत्तींच्या चिडण्याकडे आता येऊ. त्या हातचे राखून ठेवतात असे कृपा करून समजू नका. पन्नास वर्षे जे काम तळव्याने केले ते तोंडाने सांग म्हटल्यावर माणूस गोंधळतो आणि तो गोंधळ रागाच्या रूपाने बाहेर येतो. सायकल चालवताना तोल कसा सांभाळतोस असे मुलाला विचारून पाहा, तोही चिडेल. म्हणून आत्तींना शिकवायला बसवू नका, चूक दाखवायला बसवा. ज्याला नियम सांगता येत नाही त्याला चूक क्षणात दिसते. मळलेल्या तीन गोळ्या त्यांच्या पुढे ठेवा, एक कमी पाण्याची, एक बेताची, एक सैल, आणि यातली कोणती चालेल एवढेच विचारा. त्या बोटाने दाबून एक उचलतील आणि बाकीच्या दोघींना नावे ठेवतील. ती नावे जशीच्या तशी वहीत उतरवून घ्या, कारण कणीक कशी असावी हे सांगणारे त्यांचे शब्द हीच त्यांची मापे आहेत. प्रमाण काढायचे असेल तर त्याला एक सभ्य युक्ती आहे: पिठाचा डबा आणि पाण्याचा तांब्या आत्तींच्या हाती देण्यापूर्वी वजन करून ठेवा, त्यांनी त्यांच्या अंदाजाने घेतले की पुन्हा वजन करा. अंदाज त्यांचा राहील आणि आकडा तुमच्याकडे येईल.

हे मी अनुभवाने लिहिते. माझ्या आजीची वाळवणाची वही माझ्याकडे आहे, सुवाच्य अक्षरात, पानापानांवर तेलाचे डाग असलेली. तीत गव्हल्यांसाठी 'पीठ बेताचे घट्ट भिजवावे' असे लिहिले आहे. तो बेत आजीबरोबर गेला. आम्ही नाती दरवर्षी ती वही काढतो, हळहळतो आणि कपाटात ठेवतो. त्यामुळे तुम्ही व्हिडिओ काढणार असाल तर जरूर काढा, पण आत्तींचा चेहरा आणि आठवणी यांच्यापेक्षा त्यांचा तळवा, मनगट आणि कोपर यांवर कॅमेरा ठेवा, आणि तो बाजूने धरा, म्हणजे दाब कोठे पडतो आणि कोठे सुटतो ते कळेल. सांधे धरलेले असताना त्यांच्याकडून अर्धा किलो ओढून घेण्याचा मोह मात्र आवरा. दोन मिनिटांची ओढ पुरेशी आहे, आणि तीही त्यांची इच्छा असेल आणि डॉक्टरांची हरकत नसेल तर.

जाऊबाईंचे म्हणणे मी उडवून लावणार नाही. लक्ष्मीपुरीतली शेवई खाण्यात काही कमीपणा नाही, आणि घरात वर्षभर लागणारी सगळी शेवई हाताने काढण्याचा संकल्प नोकरी करणाऱ्या बाईने करू नये. रोजच्या उपम्याला विकतची आणा, फार तर शेवयांचे यंत्र घ्या. यंत्राची किंवा सोऱ्याची शेवई भोकातून दाबून बाहेर काढलेली असते, पाटावरची ओढून लांबवलेली असते. ओढण्याने ग्लुटेनचे धागे तारेच्या लांबीला धरून बसतात, म्हणून ती बारीक असूनही शिजल्यावर अंग धरून राहते. हा फरक खिरीच्या वाटीत कळतो, उपम्यात फारसा कळत नाही. तेव्हा हातची शेवई ठरलेल्या दिवसांपुरती, पाडव्याला, जावई आल्यावर, आणि गल्लीत मुसलमान शेजारी असतील तर त्यांच्या ईदच्या शीरखुर्म्याला एक वाटी पाठवण्यापुरती, एवढी करा. दोन किलो वाळलेली शेवई वर्षाला पुरे. जाते ओढण्याचा आग्रहही सोडा. गहू ओलावून, वाळवून गिरणीतून दळून आणा आणि घरी वस्त्रगाळ करा. जुने सगळेच जपायला गेलात तर दमून सगळेच सोडाल, आणि जपायचे ठरवले तर ओढ जपा.

विकण्याबद्दल थोडक्यात. कोल्हापुरी चपलेला २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले ते महाराष्ट्रातील ४ आणि कर्नाटकातील ४ अशा ८ जिल्ह्यांतील कारागिरांच्या मिळून असलेल्या कामाला मिळाले. एका घराच्या माडीवर होणाऱ्या दोन किलो शेवयांसाठी तो मार्ग नाही, हे मुलाला शांतपणे समजावून सांगा. विक्री करायची झाली तर २००६ च्या अन्न सुरक्षा व मानके कायद्याखाली नोंदणी लागेल, पाकिटावर घटक आणि तारखा छापाव्या लागतील, आणि मुख्य म्हणजे आज तुटणारी तार ठरल्या दिवशी गिऱ्हाइकाला द्यावी लागेल. दोन उन्हाळे तरी हा विषय घरात काढू नये असे माझे स्पष्ट मत आहे. मुलाचा उत्साह वाया जाऊ देऊ नका, त्याला कणीक तिंबायला बसवा. या कामाला जोर लागतो आणि तो पूर्वी बायकांच्या दंडातून निघत असे. ज्या शहरात तालमींना तोटा नाही तेथे कॉलेजच्या पोराने दोन किलो कणीक तिंबायला का लाजावे, हे मला कधीच कळलेले नाही.

तुमचे पत्र माघात आले हे फार बरे झाले. चैत्रापर्यंत सहा-सात रविवार मिळतात. पूर्वी वर्षाचे काम आठवड्यात उरकत असे, तेव्हा हात एकदाच तापत असे आणि तापलेल्या हातावर पाच-सहा घरांच्या शेवया होत. तुम्ही वर्षातून एकदा करून हात बसण्याची वाट पाहिलीत तर तो बसणार नाही. दर रविवारी अर्धा किलो, तुटली तर तुटली. तुटक्या तारांची त्याच दिवशी खीर करा, चव तीच लागते. तिसऱ्या-चौथ्या रविवारी जुन्या शेजारणींपैकी दोघींना बोलवा, आणि मोबदला म्हणून पैसे पुढे करू नका, त्यांच्या घरच्या कुरडयांना किंवा सांडग्यांना आपण जाऊ असा शब्द द्या. वाळवणाचे मुख्य काम मात्र एप्रिलच्या मध्यापूर्वी उरका, कारण पुढे दुपारी कोल्हापुरात वळीव कधी गाठेल याचा नेम नसतो, आणि अर्धवट वाळलेली शेवई एका सरीने हातची जाते. पहिला वाळवा सावलीत, वारा बेताचा असेल तेथे द्या. थेट उन्हात ताज्या तारा तडकतात. मोडल्यावर कट्‌ असा आवाज आला की मगच पत्र्याच्या डब्यात भरा.

राहता राहिला पाट. तो टाकू नका, आणि नव्या फळीवरही घाई करू नका. पुरात भिजलेले लाकूड एवढ्या वर्षांत पुरते वाळले असेल. वाक फार नसेल तर चांगला सुतार रंधा मारून त्याचे तोंड सरळ करून देईल, आणि वाक जास्त असेल तर त्याच लांबी-रुंदीचा नवा पाट जुन्यावरून बेतून घेता येईल. पॉलिश किंवा वार्निश लावू देऊ नका, नुसते तेल मुरवा. सुताराकडे जाल तेव्हा रिक्षाने आत्तींना बरोबर घेऊन जा आणि पाट तेथेच तिरका टेकवून त्यांना एकदा बसवून पाहा, कारण वरचे टोक किती उचलायचे आणि तळवा कोठे थांबायचा, हे त्या सुताराला आणि तुम्हाला त्यांच्याशिवाय दाखवणारे दुसरे कोणी नाही.